नामसाम्य : बगदादच्या दप्तरातले आणि आपल्या घरातले



शाळेच्या एका वार्षिक संमेलनात नववीतल्या एका मुलाने ‘मुहम्मद बिन मूसा’ या विषयावर भाषण केले. बीजगणिताचा पाया घालणारा, स्वतःची वात स्वतःच सारणारा दिवा बनवणारा, बगदादमध्ये पदरच्या पैशाने ग्रंथांचे अनुवाद करवून घेणारा एकच थोर पुरुष त्याने आमच्यासमोर उभा केला. टाळ्यांचा कडकडाट झाला. मीही टाळ्या वाजवल्या. घरी आल्यावर मात्र मनात शंका आली, पुस्तके काढून बसलो, आणि ध्यानात आले की त्या मुलाने दोन-तीन माणसांचे कर्तृत्व एकाच्याच खात्यावर जमा केले होते. चूक त्याची नव्हती. एका नावाची दोन माणसे एकाच शहरात, एकाच काळात वावरली की काय घोटाळा होतो, याचा तो नमुना होता. आज त्याचीच हकीकत तुम्हांला सांगावी म्हणतो, कारण हा घोटाळा फक्त बगदादपुरता नाही.

प्रथम नावाची रीत पाहा. जुन्या अरबी नावात मूळ नाव असते, मग बापाचे नाव असते आणि पुढे गाव, प्रांत किंवा धंदा सांगणारा शब्द येतो. आपल्याकडेही हेच नाही का? मुलाचे नाव, वडिलांचे नाव आणि आडनाव. चिपळूणचा तो चिपळूणकर, तसा ख्वारिज्मचा तो ख्वारिज्मी. या तीन भागांपैकी शेवटचा गळाला की माणूस गर्दीत हरवतो. ‘मुहम्मद बिन मूसा’ म्हणजे मूसाचा मुलगा मुहम्मद. अशी माणसे बगदादेत किती असतील याची कल्पना तुम्हीच करा.

त्यांतला पहिला मुहम्मद बिन मूसा अल-ख्वारिज्मी. खलिफा मामून याच्या कारकिर्दीत, म्हणजे सन ८१३ ते ८३३ या काळात, तो बगदादच्या ‘बैतुल हिकमा’ या विद्यापीठवजा ग्रंथालयाशी संबंधित होता. त्याच्या ग्रंथाच्या नावातील ‘अल-जब्र’ या शब्दावरूनच ‘अल्जिब्रा’ हा शब्द युरोपात गेला. समीकरणांचे सहा प्रकार पाडून प्रत्येक प्रकार कसा सोडवावा हे त्याने क्रमवार सांगितले. पालकांनी लक्षात घेण्यासारखी गोष्ट अशी की, या ग्रंथाचा मोठा भाग मृत्युपत्रे आणि वारसांचे हिस्से यांच्या हिशेबाचा आहे. घरातल्या वाटण्या न्यायाने व्हाव्यात या गरजेचीही बीजगणिताला सोबत होती. हिंदुस्थानी अंकांवरही त्याने पुस्तक लिहिले. ते आज लॅटिन रूपात उरले आहे. लॅटिनमध्ये त्याच्या नावाचे जे रूप झाले, त्यावरून ‘अल्गोरिदम’ हा शब्द आला, जो आज संगणक शिकणाऱ्या प्रत्येक मुलाच्या तोंडी असतो.

दुसरा मुहम्मद बिन मूसा बिन शाकिर. तीन भावांतला थोरला. धाकटे दोघे अहमद आणि हसन. ‘बनू मूसा’, म्हणजे मूसाचे पुत्र, या नावाने ते प्रसिद्ध आहेत. बाप मूसा बिन शाकिर तरुणपणी वाटमारी करीत असे आणि पुढे ज्योतिषी झाला, असे जुने चरित्रकार सांगतात. बापामागे या मुलांचे शिक्षण मामूनच्या आश्रयाने झाले. पुढे श्रीमंती आली तेव्हा या भावांनी ग्रीक ग्रंथ मिळवण्यासाठी आणि अनुवादकांना पगार देण्यासाठी सढळ हाताने खर्च केला. हर्रानच्या साबित बिन कुर्रा या तरुणाची हुशारी हेरून त्याला बगदादला आणणारा हाच थोरला मुहम्मद. साबित पुढे मोठा गणिती झाला. हा मुहम्मद सन ८७३ मध्ये वारला.

मग तो दिवा कोणाचा? ‘किताबुल हियल’, म्हणजे युक्तीच्या यंत्रांचे पुस्तक, सन ८५० च्या सुमारास या भावांच्या नावाने झाले. त्यात सुमारे शंभर यंत्रे आहेत : आकार बदलणारी कारंजी, आपोआप भरणारी भांडी, वात सारणारा दिवा. डोनल्ड हिल या इंग्रज अभियंत्याने १९७९ मध्ये या ग्रंथाचे संपूर्ण इंग्रजी भाषांतर प्रसिद्ध केले, तेव्हा पाण्याच्या दाबाचा आणि झडपांचा त्यात किती बारकाईने उपयोग केला आहे हे जगाला नीट कळले. परंतु यंत्रविद्येत प्रवीण होता तो मधला भाऊ अहमद, आणि हा ग्रंथ मुख्यतः त्याचाच मानला जातो. म्हणजे आमच्या संमेलनातल्या भाषणात ख्वारिज्मीला दुसऱ्या मुहम्मदचे दातृत्व मिळाले, अहमदचा दिवाही मिळाला, आणि अहमदचे नावसुद्धा निघाले नाही!

हा गोंधळ शाळकरी मुलांचाच होतो असे समजू नका. खलिफा वासिक याने गुहेतील निद्रिस्तांच्या स्थळाचा शोध घेण्यासाठी एका मुहम्मद बिन मूसाला रूमच्या राज्यात पाठवल्याची हकीकत जुन्या ग्रंथांत आहे. तो नेमका कोणता मुहम्मद, यावर विद्वानांनी पुष्कळ खल केला आहे.

याहून बोलके उदाहरण इतिहासकार तबरीचे. सन ८४७ मध्ये वासिक मरणशय्येवर असताना त्याच्याभोवती जमलेल्या ज्योतिष्यांची यादी तबरीने दिली आहे. तीत ‘मुहम्मद बिन मूसा अल-ख्वारिज्मी अल-मजूसी अल-कुतरुब्बुली’ असे लागोपाठ शब्द आहेत. मजूसी म्हणजे अग्निपूजक. यावरून ख्वारिज्मी पूर्वाश्रमीचा अग्निपूजक असावा, असे विसाव्या शतकातील एका मान्यवर चरित्रकोशात लिहिले गेले. मग रुश्दी राशिद या गणितेतिहासाच्या अभ्यासकाने दाखवून दिले की, हा एक माणूस नसून दोन आहेत. ख्वारिज्मी आणि मजूसी यांच्यामधला ‘व’, म्हणजे ‘आणि’, हे एकच अक्षर नक्कल करताना गळाले आहे. विद्यार्थी मित्रहो, एक अक्षर! त्या एका अक्षराच्या अभावी एक माणूस इतिहासातून नाहीसा झाला आणि दुसऱ्याच्या माथी नसते मूळ आले.

आता आपल्या देशात येऊ. एकाच नावाची दोन माणसे ओळखायची कशी, हा प्रश्न इंग्रजी अमदानीत पोलिसांना आणि कचेऱ्यांना फार सतावत होता. सराईत गुन्हेगार दर खेपेस नवे नाव सांगे. पेन्शनर मरून गेला तरी त्याच्या नावाने दुसराच पेन्शन घेऊन जाई. बंगालमधील अधिकारी विल्यम हर्शेल यांनी १८७७ मध्ये हुगळी जिल्ह्यात पेन्शन आणि दस्तनोंदणीसाठी बोटांचे ठसे घेणे सुरू केले. गाल्टन यांचे ठशांवरील पुस्तक १८९२ मध्ये निघाले. पण हजारो ठशांतून हवा तो ठसा झटकन काढायचा कसा? ते कोडे कलकत्त्यास सुटले. बंगालचे पोलीसप्रमुख एडवर्ड हेन्री यांच्या हाताखाली दोन हिंदी तरुण काम करीत होते, काझी अझीझुल हक आणि हेमचंद्र बोस. हक हे गणिताचे विद्यार्थी, प्रेसिडेन्सी कॉलेजातून आलेले.

त्यांची युक्ती तुम्हांला सहज समजेल. आपल्या घरातल्या बायका मुलांच्या बोटांवरची शंख-चक्रे मोजतात ना, तशीच ती आहे. दहा बोटांच्या पाच जोड्या करायच्या. पहिल्या जोडीतील बोटावर चक्र असेल तर १६ गुण, दुसरीत ८, तिसरीत ४, चौथीत २ आणि पाचवीत १. चक्र नसेल तर शून्य. प्रत्येक जोडीतल्या एका बोटाचे गुण वरच्या बेरजेत, दुसऱ्याचे खालच्या बेरजेत. शेवटी दोन्हींत एक-एक मिळवायचा. फक्त उजव्या अंगठ्यावर चक्र असेल तर अपूर्णांक होतो १/१७. एकही चक्र नसेल तर १/१, सगळी चक्रेच असतील तर ३२/३२. म्हणजे ३२ गुणिले ३२, एकूण १०२४ कप्पे झाले. लाखभर ठसे असले तरी आधी कप्पा गाठायचा आणि मग त्यातच शोधायचे. १८९७ मध्ये सरकारने ही पद्धत मान्य केली, कलकत्त्यास ठशांची कचेरी सुरू झाली, आणि १९०१ मध्ये लंडनच्या स्कॉटलंड यार्डनेही ती उचलली.

जगभर या पद्धतीला नाव मिळाले ‘हेन्री पद्धत’. हक आणि बोस यांची नावे मागे पडली. पुढे हक यांना खानबहादूर व बोस यांना रायबहादूर हे किताब आणि प्रत्येकी ५,००० रुपयांचे मानधन मिळाले. खुद्द हेन्री यांनी १९२६ मध्ये लंडनच्या इंडिया ऑफिसला पत्र लिहून कळवले की, हे वर्गीकरण परिपूर्ण करण्यात आपल्या हाताखालील इतर कोणाहीपेक्षा हक यांचा वाटा मोठा होता. हे कागद सरकारी दप्तरात जपून राहिले म्हणूनच आज आपण हक आणि बोस यांची नावे खात्रीने घेऊ शकतो.

आता गंमत पाहा. नामसाम्याचे कोडे सोडवणाऱ्या या माणसालाच नामसाम्याने गाठले! बंगालमध्ये दुसरे एक खानबहादूर अझीझुल हक होऊन गेले. हे १८९२ साली नदिया जिल्ह्यात शांतिपूरला जन्मले, पेशाने वकील. १९१७ मध्ये त्यांनी बंगालमधील मुस्लिम शिक्षणाच्या इतिहासावर आणि अडचणींवर इंग्रजीत पुस्तक लिहिले. पुढे ते बंगालचे शिक्षणमंत्री, विधानसभेचे सभापती आणि १९३८ ते १९४२ पर्यंत कलकत्ता विद्यापीठाचे कुलगुरू झाले. दोघेही प्रेसिडेन्सी कॉलेजचे, दोघेही खानबहादूर. रोमन लिपीत तर दोघांच्याही नावाचे स्पेलिंग तीन-चार प्रकारे लिहिलेले आढळते. पण एक १८७२ चा, एक १८९२ चा. एक पोलीस खात्यातला, दुसरा शिक्षणकारणातला. एकाचे काम दुसऱ्याला चिकटवले तर मान कोणाचाच वाढत नाही. दोघांचाही हक्क बुडतो.

एवढे सांगून आता माझी स्वतःची एक चूक कबूल करतो. पुष्कळ वर्षांपूर्वी माझ्या वर्गात दोन अब्दुल रहमान होते. एकाच्या वडिलांचे नाव मी घाईत दुसऱ्याच्या रकान्यात लिहिले. वडील दाखला घेऊन गेले, त्यांनीही तो वाचला नाही. पाच वर्षांनी मुलाच्या शिष्यवृत्तीच्या वेळी दोन कागदांवर दोन बाप निघाले. दुरुस्ती होईपर्यंत मुदत टळली आणि हुशार मुलाचे एक वर्ष वाया गेले. तबरीच्या नकलाकाराला हसण्याचा अधिकार मला उरलेला नाही.

म्हणून पालकहो, एक साधा नियम सांगतो. कुठलेही नाव नोंदीत शोधताना पाच गोष्टी विचारा : बापाचे नाव काय, गाव कोणते, साल कोणते, कामधंदा काय, आणि ही नोंद कोणी व केव्हा केली? पाचांपैकी निदान तीन जुळल्याशिवाय ‘हा तोच’ असे म्हणू नका. घराण्याचा शोध घ्यायचा असेल तर शाळेचे जनरल रजिस्टर, जन्म-मृत्यूची नोंदवही, सातबारा व फेरफार, निकाहनामा, आणि मुंबईच्या पुराभिलेखागारातील जुने कागद ही आपली साधने. शोध कोणी लावला हे पाहायचे असेल तर पेटंट कचेरीची नोंदवही आहे. तीत प्रत्येक पेटंटाला क्रमांक, तारीख, नाव आणि पत्ता असतो, आणि ती जनतेला पाहता येते. नावे सारखी असतील, क्रमांक सारखा नसतो.

आणि घरातले दप्तरही तपासा. मुलाचे नाव जन्मदाखल्यावर, शाळेत आणि रेशनकार्डावर अक्षरशः एकसारखे आहे का? ‘मोहम्मद’ एकीकडे पूर्ण आणि दुसरीकडे नुसता ‘मो.’ असे तर नाही? घरात वडीलधारे आहेत तोवर आजोबा-पणजोबांची नावे, गावे आणि साले एका वहीत उतरवून घ्या. मुलींची नावेही लिहा. आपल्या शजऱ्यांतून ती हमखास गळतात.

विद्यार्थी मित्रहो, आपल्या नावाचा कोणी थोर होऊन गेला याचा अभिमान जरूर बाळगा, पण तो तपासून बाळगा. उसना घेतलेला मोठेपणा पहिल्या चौकशीत उतरतो. ज्याचे काम त्याच्या नावावर, हा न्याय इतिहासात पाळाल तर तुमचे काम तुमच्या नावावर राहील अशी आशा धरायचा हक्क तुम्हांला पोहोचतो.

तो भाषण करणारा मुलगा पुढच्या वर्षी पुन्हा संमेलनात उभा राहिला. या खेपेस विषय होता ‘दोन मुहम्मद आणि एक अहमद’. टाळ्या जरा कमी पडल्या, पण त्या खऱ्या माणसांना पडल्या.