पहिली नटी आणि पोटाचा प्रश्न

विक्रम गोखले आपल्या पिढीला माहीत आहेतच. 'हम दिल दे चुके सनम'मधले ऐश्वर्याचे कडक शिस्तीचे गायक वडील! २०२२ मध्ये ते गेले तेव्हा बऱ्याच बातम्यांत एक वाक्य होतं: त्यांची पणजी दुर्गाबाई कामत या भारतीय सिनेमातल्या पहिल्या स्त्री कलाकार, आणि आजी कमलाबाई गोखले त्याच चित्रपटातली नायिका. क्विझला उपयोगी माहिती. पण मंडळी, त्या 'पहिल्या'च्या मागे काय आहे ते बघितलं तर प्रकरण क्विझपेक्षा बरंच मोठं निघतं.

दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' आला १९१३ साली. तारामतीच्या कामाला बाई मिळेना. फाळके वेश्यावस्तीपर्यंत जाऊन आले, तिथूनही नकार! शेवटी ग्रँट रोडच्या एका हॉटेलात काम करणारे अण्णा साळुंके तारामती झाले. सिनेमात काम करणं म्हणजे केवढी नाचक्की मानत असतील याचा अंदाज यावरून येतो.

त्यानंतर फाळके नाशिकला गेले आणि तिथं 'मोहिनी भस्मासुर' केला. यात दुर्गाबाई पार्वती झाल्या, आणि मोहिनी झाली त्यांची तेरा-चौदा वर्षांची मुलगी, कमला. यातली एक गंमत बघा. मोहिनी म्हणजे कोण? स्त्रीचं रूप घेतलेला विष्णू. म्हणजे एरवी पुरुष बायकांची कामं करत असताना पडद्यावरच्या पहिल्या नायिकेला मिळालेली भूमिका कसली, तर बाई झालेल्या एका देवाची!

पण मग या मायलेकींना भीती कशी वाटली नाही? उत्तर साधं आहे. जे जायचं ते आधीच गेलेलं होतं. दुर्गाबाई नवऱ्यापासून वेगळ्या झाल्या होत्या आणि पदरात लहान मुलगी होती. त्या काळी एकट्या बाईला पोट भरायचे मार्ग किती? धुणीभांडी, स्वयंपाक, नाहीतर काहीतरी वाईट. दुर्गाबाईंनी नाटक कंपनी धरली. नातलगांनी आणि जातीनं वाळीत टाकल्यासारखं केलं. कमला चार-पाच वर्षांची असल्यापासून आईबरोबर रंगभूमीवर उभी राहू लागली. फिरत्या कंपनीत वाढलेल्या पोरीला शाळा कुठली?

आता त्याच १९१३ सालात दुसरीकडे काय चाललं होतं? बालगंधर्वांची गंधर्व नाटक मंडळी सुरू झाली. त्यांची लुगडी, त्यांचे दागिने, त्यांची वेणी यांची घरंदाज बायका नक्कल करत होत्या. बालगंधर्व थोर होतेच, त्यात वाद नाही. पण पुरुषानं बाई केली तर ती कला, आणि बाईनं बाई केली तर घराण्याला बट्टा, हा हिशेब मला काही केल्या सुटत नाही.

मी सोलापूरचा, त्यामुळे मला आणखी एक गोष्ट जाणवते. आमच्या गावात रेल्वे आली १८६० मध्ये, पहिली कापडगिरणी १८७७ मध्ये. गिरणीच्या आणि हातमागाच्या आधारानं वाढलेलं हे गाव: एका गल्लीत तेलुगू, दुसरीत कन्नड, पलीकडे उर्दू आणि सगळीकडे मराठी. अशा गावाला मूकपट म्हणजे सोयीचा मामला. भाषेची अडचण नाही. पडद्यावर पाटी आली की वाचता येणाऱ्यानं शेजाऱ्याला सांगायचं, बास. पण हाच मूकपट संगीत नाटकातल्या नटीला काय देतो? तिची भाकरी होती तिच्या गळ्यावर आणि शब्दांवर. सिनेमानं कमलाबाईंचा चेहरा घेतला आणि नेमका आवाज बाहेर ठेवला. मोहिनीला नाचता आलं, पण तिचं गाणं कुणाला ऐकू आलं नाही.

त्यामुळे त्या नाटकाकडेच परत गेल्या यात नवल नाही. पुढे लग्न झालं रघुनाथराव गोखल्यांशी. हे रघुनाथराव स्वतः आधी किर्लोस्कर मंडळीत स्त्रीभूमिका करत! वयात आल्यावर आवाज फुटला, तशी ती कामं सुटली. मग त्यांच्या भावाच्या कंपनीत नायिका कोण, तर कमलाबाई. पुढे त्यांनी रंगमंचावर पुरुषांच्या भूमिकाही केल्या. एका घरात दोघांनीही दोन्ही बाजू करून बघितल्या, असं उदाहरण दुसरं शोधून सापडायचं नाही.

आणि सिनेमा? १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये फाळक्यांनी पुन्हा अण्णा साळुंक्यांनाच घेतलं. राम तेच आणि सीताही तेच! म्हणजे 'पहिली' आली म्हणून दार उघडलं असं काही झालं नाही. दार किलकिलं झालं आणि पुन्हा लागलं.

कमलाबाई पंचविशीत असताना रघुनाथराव गेले. पदरात मुलं. म्हणजे आईवर आली होती तीच वेळ मुलीवर आली. त्यांनीही आईसारखंच केलं, काम करत राहिल्या. नाटकं केली, पुढे मूकपट आणि बोलपटही केले. मुलांपैकी लालजी आणि सूर्यकांत तबलावादक झाले, चंद्रकांत नट झाले, आणि चंद्रकांतांचे चिरंजीव विक्रम.

आपण 'पायोनियर' हा शब्द फार सहज वापरतो. आमच्या धंद्यात तर दर आठवड्याला कुणीतरी काहीतरी पहिल्यांदा करत असतं. त्यात बहुतेक वेळा घरी परतायची सोय असते. नाही जमलं तर दुसरी नोकरी. या मायलेकींना ती सोय नव्हती. इतिहास घडवायला म्हणून त्या नाशिकला गेल्या नव्हत्या. काम मिळत होतं म्हणून गेल्या. मला वाटतं, यानं त्यांचं मोठेपण कमी होत नाही, उलट वाढतं.

'मोहिनी भस्मासुर'ची प्रिंट आज उपलब्ध नाही. पण नव्वदीच्या घरात पोचलेल्या कमलाबाईंवर रीना मोहन यांनी 'कमलाबाई' नावाचा माहितीपट केला. त्याला राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. मिळाला तर जरूर बघा. जिचा आवाज त्या मूकपटानं टिपला नव्हता ती मोहिनी त्यात बोलते, आणि चांगली ठसठशीत बोलते.