कागदावाचून राहिलेला इतिहास

साक्रीहून पिंपळनेरला जावे आणि तिथून आणखी पश्चिमेला निघावे. बाजरी-कपाशीची सपाट शेते मागे पडतात आणि डोंगरउतारावर नागली, वरई, भात दिसू लागतो. ही वस्ती बरीचशी कोकणी समाजाची. समुद्र इथून केवढा लांब, आणि माणसांचे नाव मात्र कोकणी! म्हातारी माणसे सांगत आली की, वाडवडील ठाण्याकडच्या कोकणातून घाट चढून वर आले. दुर्गादेवीच्या दुष्काळात, म्हणजे इ. स. १३९६ च्या सुमारास हे घडले असे म्हणतात. याला सनद नाही, ताम्रपट नाही. सनाविषयी पंडितांनी खुशाल वाद घालावा. वाट कुठून आली ते नावाने धरून ठेवले आहे.

पण लेख नाही, तर हा इतिहास म्हणायचा का? हा खटला जगात सर्वांत मोठा चालला तो पॅसिफिक महासागरातल्या पॉलिनेशियन लोकांविषयी. त्यांतले माओरी हे तेराव्या शतकाच्या सुमारास, पूर्वेकडच्या बेटांवरून न्यूझीलंडला पोचले. जवळ लोखंड नाही, होकायंत्र नाही, लिपीही नाही. दोन लांब होड्या शेजारी-शेजारी ठेवून आडव्या दांड्यांनी बांधायच्या, मधे फळ्यांचा माच घालायचा आणि वर केवड्याच्या जातीच्या पानांचे विणलेले शीड. असा त्यांचा सरंजाम. बरोबर कुत्री, अळूचे कंद आणि रताळ्याचे बेणे. नव्या मुलखातल्या थंडीत नारळ काही लागला नाही. रताळे मात्र त्यांनी खड्ड्यांत साठवून जगवले. हे रताळे मूळचे दक्षिण अमेरिकेचे. माओरी त्याला ‘कुमारा’ म्हणतात, आणि पेरूकडच्या भाषेतही त्याच्याशी जुळणारा शब्द आहे. म्हणजे युरोपियन गलबते यायच्या आधीच त्या दोन किनाऱ्यांची गाठ पडली होती. आपण एकादशीला खातो तेही तेच रताळे; फक्त ते आपल्याकडे पोर्तुगीजांबरोबर निराळ्या समुद्राने आले.

माओरी माणूस आपली ओळख सांगताना आधी आपला डोंगर सांगतो, नदी सांगतो, आणि पूर्वज ज्या होडीतून आले तिचे नाव सांगतो. कोणी ताइनुईचा, कोणी आओतेआचा. शिकलेल्या जगाने हे फारसे मनावर घेतले नाही. हेयरडाल नावाच्या नॉर्वेच्या साहसी माणसाने १९४७ साली पेरूहून तराफा सोडला आणि १०१ दिवसांनी बेट गाठले. हे लोक अमेरिकेतून आले, असे त्याला दाखवायचे होते. धाडस खरेच मोठे, पण अनुमान चुकले. १९५६ साली अँड्र्यू शार्प या न्यूझीलंडच्या इतिहासकाराने लिहिले की, हे लोक इतक्या दूर ठरवून गेलेच नसतील, वाऱ्याने भरकटत पोचले असतील.

भाषेची साक्ष मात्र केव्हाच होऊन गेली होती. कप्तान कुकच्या जहाजावर ताहितीहून आलेला तुपाइया होता. १७६९ साली, सुमारे चार हजार किलोमीटर दूर न्यूझीलंडला उतरून तो आपल्या बोलीत बोलला, आणि माओरींना ते समजले! पाचाला माओरीत ‘रिमा’, मलायात ‘लिमा’. असे शब्द जुळवत गेले की माग पश्चिमेकडे, थेट तैवानपर्यंत जातो.

राहिला प्रश्न ठरवून जाण्याचा. १९७५ साली हवाईच्या लोकांनी जुन्या घडणीची जोडहोडी बांधली, होकुलेआ तिचे नाव. पण ती हाकणार कोण? हवाईत ती विद्या जाणणारा कोणी उरला नव्हता. शेवटी सतावल या दूरच्या चिमुकल्या बेटावरचे माउ पिआइलुग आले. लहानपणी आजोबांच्या तोंडून शिकलेले. तारे कुठे उगवतात, लाट कुठून येते, पक्षी संध्याकाळी कुठे वळतात, एवढ्यावर त्यांनी महिनाभरात होडी ताहितीला लावली. बंदरावर हजारो लोक जमले होते.

आपल्याकडे मार्गशीर्षात डोंगऱ्यादेवाचा उत्सव होतो. पावरी वाजते, रात्र-रात्र गाणी चालतात, डोंगरदेवांना हाका घातल्या जातात. पश्चिम पट्ट्यातल्या गुरुजींनी यंदा मुलांना एक वही द्यावी. घरातल्या आजा-आजीच्या तोंडून डोंगरांची, गावांची, कुळांची नावे येतील, ती आल्या क्रमाने उतरवून घ्यावी, आणि मग तालुक्याचा नकाशा काढून ती त्यावर एकेक करून मांडावी.