तळटीप : चाहत्यांचे पॅच

‘पॅच’ म्हणजे मूळ खेळाच्या फायलींवर बसवायची अशी जोड, जिच्यात अनुवादित मजकूर आणि आवश्यक तेवढे तांत्रिक बदल असतात, पण मूळ खेळ नसतो. तो वाचकाकडे आधीपासून असावा लागतो. चित्र, संगीत आणि पडद्यावर ओळीओळीने उलगडणारे कथन यांतून वाचायच्या जपानी ‘व्हिज्युअल नॉव्हेल’ला या वाटेचा मोठा आधार मिळाला, कारण ‘दोजिन’, म्हणजे हौशी मंडळांनी स्वबळावर काढलेल्या कृतींना परभाषेतला व्यावसायिक प्रकाशक क्वचितच मिळे. टाइप-मून या अशाच मंडळाची ‘त्सुकिहिमे’ २००० साली आली आणि तिचा इंग्रजी पॅच मिरर मून या चाहत्यांच्या गटाने २००६ मध्ये पूर्ण केला. ती ज्या ‘एनस्क्रिप्टर’ इंजिनावर, म्हणजे खेळ चालवणाऱ्या प्रणालीवर, उभी आहे, त्याचा मजकूर शिफ्ट-जेआयएस या जपानी अक्षरसंकेतात असतो; त्यात ग्रीक आणि रशियन वर्ण आहेत, देवनागरी नाही, शिवाय अक्षरे सुट्या चौकटींत मांडली जात असल्याने ‘वऱ्हाड’ हा शब्दही धड उमटणार नाही. त्यामुळे अमरावती-अकोल्याकडच्या अनुवादकाला भाषांतराआधी इंजिनालाच हात घालावा लागेल. मग प्रत्यक्ष भाषांतरात ओसाकाकडची बोली बोलणाऱ्या पात्राच्या तोंडी आपली वऱ्हाडी बोली घालणे रास्तच ठरेल, मात्र ती केवळ हशा पिकवण्यापुरती वापरणे हा त्या पात्रावर आणि बोलीवरही अन्याय होय. वऱ्हाडी किती दुःख पेलू शकते, हे उद्धव शेळके यांच्या ‘धग’ या कादंबरीने १९६० सालीच दाखवून दिले आहे.