वक्षीय रक्तवाहिन्यांच्या इजा : सांकेतांकांचा इतिहास आणि नोंदीची मर्यादा

१८९३ मध्ये झाक बर्तियों यांनी शिकागो येथे आंतरराष्ट्रीय सांख्यिकी संस्थेपुढे मृत्युकारणांची यादी मांडली. तीत अपघाती मृत्यूची नोंद बुडणे, भाजणे अशा घटनाप्रकारावरून होई. छातीतील कोणती रक्तवाहिनी फाटली, याला स्थान नव्हते. १९४८ च्या सहाव्या आवृत्तीपासून हे कार्य जागतिक आरोग्य संघटनेकडे आले आणि इजेचे बाह्य कारण व इजेचे स्वरूप यांचे स्वतंत्र वर्गीकरण झाले. १९९० मध्ये मान्यता मिळालेल्या दहाव्या आवृत्तीत वक्षीय रक्तवाहिन्यांच्या इजांसाठी ‘एस २५’ हा सांकेतांक असून ‘एस २५.०’ वक्षीय महाधमनीसाठी आहे.

मात्र या सांकेतांकाची रुग्णालयीन आकडेवारी म्हणजे इजेचे खरे प्रमाण, असे मानणे प्रस्तुत लेखकास धाडसाचे वाटते. पार्मली व सहकाऱ्यांनी १९५८ मध्ये महाधमनीच्या बोथट आघातजन्य इजांची २७५ प्रकरणे अभ्यासली. त्यांपैकी अवघे ३८ जण आघातानंतर काही काळ जगले होते. उरलेले रुग्णालयाच्या दप्तरात येणार तरी कसे? मृत्युनोंदीतही मूळ कारण म्हणून वाहन अपघातच गणला जातो. १ जानेवारी २०२२ पासून अमलात आलेल्या अकराव्या आवृत्तीत सांकेतांक बदलले. हा नियम कायम राहिला.