बर्फावरची विजार

वस्त्रांचा इतिहास लिहिणाऱ्यांचे लक्ष बहुधा दरबाराकडे असते. शालू, शेले, मंदिल आणि जरीकाठ यांच्या वर्णनांनी पानेच्या पाने भरतात. विजारीच्या वाट्याला दोन ओळी येतात आणि बर्फावर घालावयाच्या विजारीच्या वाट्याला तेवढ्याही येत नाहीत. ज्या मुलखात बर्फ म्हणजे लाकडाच्या भुशात गुंडाळून आलेली लादी, त्या मुलखाने अशा विजारीचा विचार का करावा, असेही कोणी विचारील. परंतु या मुलखातील माणसे हिमालयात जातात. काही हौसेने जातात, काही हुकमाने जातात. त्या उंचीवर अंगावर काय आहे, या एका प्रश्नावर बोटे राहणार की जाणार, कधी कधी प्राण राहणार की जाणार, हे ठरलेले आहे.

जम्मूच्या गुलाबसिंगाचा सेनापती जोरावरसिंग १८४१ साली लडाखमधून पश्चिम तिबेटात शिरला. उन्हाळ्यात त्याने मानससरोवराच्या परिसरापर्यंत मजल मारली. हिवाळा आला, मागच्या खिंडी बंद झाल्या आणि डिसेंबरात तिबेटी सैन्याशी गाठ पडली, तेव्हा त्याच्या डोगरा शिपायांपैकी कित्येकांची बोटे थंडीने निकामी झालेली होती. ऊब मिळावी म्हणून काहींनी आपल्या बंदुकांचे लाकडी दस्तेसुद्धा जाळले. जोरावरसिंग रणात पडला आणि त्याच्या फौजेची वाताहत झाली. या पराभवाची राजकीय कारणे इतिहासकार सांगतात, आणि ती खरीही आहेत. पण बंदुकीचा दस्ता जाळणारा शिपाई शत्रूशी लढण्यापूर्वीच आपल्या कपड्यांकडून हरलेला असतो.

थंडी माणसाला एकट्याने क्वचितच मारते. तिला वारा आणि ओल यांची साथ लागते. लोकर असो, पीस असो की कापूस असो, ऊब त्या वस्तूत नसते. त्या वस्तूच्या तंतूंत कोंडून राहिलेल्या हवेत असते. वारा ती हवा हुसकावून नेतो. पाणी तिची जागा घेते, आणि पाणी हवेच्या सुमारे पंचवीसपट वेगाने उष्णता वाहून नेते. म्हणून कोरड्या वेळी ऊबदार वाटणारे सुती कापड भिजले की बर्फावर वैऱ्यासारखे वागते. लोकर भिजली तरी आपली थोडी हवा जपून ठेवते. हे शास्त्र पुस्तकात येण्याच्या कितीतरी आधी उत्तरेकडील लोकांना अनुभवाने अवगत होते.

नॉर्वेचा फ्रिट्यॉफ नान्सेन १८८८ साली पाच सोबती घेऊन ग्रीनलंडचे हिमपठार स्कीवरून ओलांडून गेला. स्की म्हणजे पायांना बांधून बर्फावरून घसरत जाण्याच्या लांब पट्ट्या. त्या पठारावर रात्री पारा शून्याखाली चाळीस अंशांपर्यंत उतरत होता. नान्सेनने अंगाला लागून लोकर, त्यावर पुन्हा लोकर, आणि सर्वांवर वारा व भुरभुरता बर्फ अडविण्यासाठी पातळ कॅनव्हासचा पोशाख अशी योजना केली. आत ऊब आणि बाहेर आडोसा, अशी कामाची ही वाटणी पुढे शंभर वर्षे टिकली. कापडे बदलली, नियम बदलला नाही.

त्याच देशाच्या रोआल्ड अमुंडसेनने दुसरी विद्या मिळविली. १९०३ ते १९०६ या काळात कॅनडाच्या उत्तरेस त्याचे जहाज दोन हिवाळे अडकून पडले, तेव्हा तेथील नेत्सिलिक लोकांकडून तो रेनडियरच्या कातड्याचा पोशाख शिकला. आतल्या कपड्याची लव अंगाकडे, बाहेरच्याची लव बाहेर, आणि दोन्ही सैल. सैलपणा हे त्यातले मर्म होते, कारण घट्ट कपड्यात हवेला जागाच उरत नाही आणि घामाला वाट मिळत नाही. सुधारलेल्या युरोपचे शिंपी अंगाबरोबर बेतलेल्या कोटाचा गर्व वाहत असताना, ज्यांना तेच युरोप रानटी म्हणे, त्या लोकांचे माप अधिक शहाणपणाचे ठरावे, हे लक्षात ठेवण्याजोगे आहे.

१४ डिसेंबर १९११ रोजी अमुंडसेन दक्षिण ध्रुवावर पोहोचला. इंग्रज कप्तान स्कॉट १७ जानेवारी १९१२ रोजी तेथे पोहोचला, आणि परतीच्या वाटेवर तो व त्याचे चौघे साथीदार मरण पावले. स्कॉटच्या कपड्यांना सारा दोष देण्याची एक सवय पडून गेली आहे. ती न्याय्य नाही. त्याची माणसे गाड्या स्वतः ओढीत होती, आणि ओढणाऱ्याला घाम येतो. जाड कातड्यात तो घामानेच भिजला असता. त्यांची लोकर आणि गॅबर्डिन ओढण्याच्या कामाला बेताचीच योग्य होती. कमी पडले ते अन्न, इंधन आणि दैव. मात्र घाम थिजला म्हणजे काय होते, हे त्याच मोहिमेतील चेरी-गॅरार्डने अनुभवले. १९११ च्या ध्रुवीय काळोखात तो दोघा सोबत्यांसह पेंग्विनची अंडी आणावयास गेला होता. एका सकाळी तंबूबाहेर पाऊल टाकताच त्याने मान वर करून आजूबाजूस पाहिले, तोच अंगावरचे कपडे गोठून पत्र्यासारखे ताठ झाले आणि मान पुन्हा खाली वळेना. तो तसाच मान वर करून तासन्‌तास गाडी ओढीत राहिला.

गॅबर्डिन हे त्या काळचे मोठे नवल होते. इंग्लंडातील बेसिंगस्टोक येथील कापडव्यापारी टॉमस बर्बेरी याने १८७९ साली ते काढले आणि १८८८ साली त्याचे पेटंट घेतले. त्याआधीची जलरोधक वस्त्रे म्हणजे रबर थापलेले कापड. पाणी त्यात शिरत नसे, आणि घामही बाहेर पडत नसे. बर्बेरीने कापडाऐवजी सूतच आधी जलरोधक करून मग ते दाट विणले. त्यामुळे कापड हलके राहिले, वारा अडला, आणि अंगाची वाफ थोडीबहुत बाहेर जाऊ लागली. १९२४ साली एव्हरेस्टवर नाहीसा झालेला जॉर्ज मॅलरी हा रेशीम, सूत आणि लोकर यांचे थर व त्यांवर गॅबर्डिन असा पोशाख घालून गेला होता. त्याचा देह १९९९ साली सुमारे ८,१५० मीटर उंचीवर सापडला. उरलेल्या चिंध्या तपासून तशाच कपड्यांचा एक जोड शिवण्यात आला आणि २००६ साली एव्हरेस्टच्या पायथ्याशी तो घालून पाहण्यात आला. खाकी कोटातल्या गृहस्थांनी हिमालयाची थट्टा मांडली होती, असे जे म्हटले जाई, ते या प्रयोगाने खोटे ठरले. चालत्या माणसाला तो पोशाख हलका आणि ऊबदार होता. उघड्यावर रात्र काढण्याची वेळ आली असती, तर मात्र तो अपुराच पडला असता.

हौशी स्कीवाल्यांची विजार या काळात गुडघ्यापर्यंतच असे आणि पोटरीवर लोकरी पट्टी गुंडाळलेली असे. इंग्रजांनी हिंदुस्थानातल्या पलटणींकडून उचललेली हीच ती ‘पट्टी’; इंग्रजी भाषेनेही तो शब्द जसाच्या तसा आपलासा केला. ती घट्ट आवळली की पायाचे रुधिराभिसरण मंदावे आणि पाय अधिकच गार पडे. स्त्रियांची दशा याहून बिकट होती. विसाव्या शतकाच्या आरंभी त्या लांब झग्यांत स्की करीत, आणि झग्याच्या घेराला बर्फाचे गोळे लोंबत. पुढे घोट्याशी आवळलेली लांब, ढगळ नॉर्वेजियन विजार आली, आणि स्त्रियांनीही ती घातली. त्या निमित्ताने उठलेला गदारोळ आज करमणुकीचा वाटतो.

मापाच्या बाबतीत खरी क्रांती झाली ती १९५२ साली. म्यूनिकच्या विली बोग्नर या स्कीपटूने १९३२ साली स्कीच्या सामानाचा धंदा सुरू केला होता. १९३६ च्या हिवाळी ऑलिंपिकमध्ये खेळाडूंच्या वतीने शपथ त्यानेच घेतली. त्याची पत्नी मारिया हिने स्वित्झर्लंडमध्ये निघालेले हेलांका नावाचे पीळदार, ताणले जाणारे नायलॉनचे सूत लोकरीत मिसळून विजार शिवली. तळव्याखालून जाणाऱ्या पट्ट्याने ती ताठ राही, गुडघा वाकला की ताणली जाई आणि सरळ झाला की पूर्ववत होई. अमेरिकेत तर अशा विजारींना ‘बोग्नर’ हेच नाव पडले, आणि चित्रपटातील तारकाही त्या घालून मिरवू लागल्या. दिसण्यात तिला तोड नव्हती. उबेच्या दृष्टीने पाहिले तर आतल्या हवेला तिने जागाच ठेवली नव्हती, आणि बर्फावर दोनदा आपटलेला माणूस संध्याकाळी ओल्या मांड्यांनी परत येई. नेत्सिलिकांनी जे मिळविले होते ते फॅशनने एका फटक्यात घालविले. बर्फापेक्षा बर्फाजवळच्या उपाहारगृहात ही विजार अधिक शोभली, असे म्हटल्यास तिच्यावर अन्याय होणार नाही.

त्यानंतर गुळगुळीत, चकाकत्या कृत्रिम कापडांची लाट आली. तिने वेगळेच संकट ओढवले: पडलेला माणूस थांबेचना, उतारावरून घसरतच जाई. शर्यतीच्या पोशाखाला आंतरराष्ट्रीय स्की महासंघाने जो नियम लावला आहे, त्याप्रमाणे कापडातून दर चौरस मीटरला दर सेकंदास किमान ३० लिटर हवा जाऊ शकली पाहिजे. वारा अडविण्यासाठी ज्या वस्त्राचा शोध चालला होता, त्यालाच वारा जाऊ देण्याची सक्ती करावी लागली.

वारा, पाणी आणि घाम या तिघांचे कोडे बऱ्याच अंशी सुटले ते प्रयोगशाळेत. १९३८ साली अमेरिकेत रॉय प्लंकेट याच्या हाती योगायोगाने जो निसरडा पदार्थ लागला, तो टेफ्लॉन या नावाने तव्यांवर जाऊन बसला. १९६९ साली बॉब गोर याने त्याच पदार्थाची तापलेली कांडी हळूहळू ताणण्याऐवजी एकदम हिसडली. ती तुटली नाही. कित्येक पट लांब झाली आणि तिच्या अंगात सूक्ष्म पोकळ्या पडल्या. या पडद्याची छिद्रे पाण्याच्या थेंबाला फार लहान आणि वाफेला पुरेशी मोठी असतात. १९७६ साली त्याचे कपडे बाजारात आले, आणि अंगाच्या तेलकटपणाने पडदा मळून गळू लागल्यामुळे लवकरच त्यावर आणखी एक लेप द्यावा लागला. याच कुळातली फ्लोरिनयुक्त रसायने निसर्गात नष्ट होत नाहीत, हे अलीकडे ध्यानी आल्यावर ती वगळून पडदे बनविण्याकडे कारखानदार वळले आहेत.

जगात हे शोध लागत असताना भारतीय सैनिकाच्या अंगावर काय होते? जनरल थिमय्यांच्या पुढाकाराने १९४८ साली गुलमर्ग येथे सैन्याची स्कीशाळा निघाली होती. म्हणजे बर्फातले युद्ध कोणाच्या ध्यानीमनी नव्हते, असे नाही. तरीही १९६२ च्या शरद ऋतूत नामका चू नदीकाठी ज्या तुकड्या धाडण्यात आल्या, त्यांतील कित्येक जवान मैदानी मुलखातल्या सुती गणवेशात आणि एकेका कांबळ्यानिशी दहा हजार फुटांहून उंच जागी उभे होते. विमानांतून टाकलेल्या सामानापैकी पुष्कळसे दऱ्यांत नाहीसे झाले. त्या ब्रिगेडचे प्रमुख जॉन दळवी स्वतः चिन्यांचे बंदी झाले, आणि १९६९ साली प्रसिद्ध झालेल्या ‘हिमालयन ब्लंडर’ या ग्रंथात त्यांनी ही कहाणी सांगितली. २० ऑक्टोबरच्या पहाटे हल्ला झाला, त्यापूर्वीच थंडीने आपले काम सुरू केले होते. नोव्हेंबरात यशवंतराव चव्हाण मुंबईहून दिल्लीला संरक्षणमंत्री म्हणून गेले, आणि गावोगावच्या स्त्रिया जवानांसाठी लोकरी स्वेटर विणावयास बसल्या. त्या सुयांमागची माया खरी होती. आणि सरकारी कोठारात जे असावयास हवे होते ते घरोघर विणावे लागले, हेही खरे होते.

आज गुलमर्गला आकाशपाळण्यातून अफरवतच्या कड्यावर जाणारा पुण्याचा, इंदूरचा वा बेळगावचा प्रवासी जीनची पाटलोण घालून निघतो, तेव्हा तोही सुती कापडच घालून निघालेला असतो. भाड्याने मिळणारी विजार घेताना तो रंग पाहतो. पाहावयाचे ते शिवणीकडे: आतून पट्टी चिकटवून ती बंद केलेली आहे का? कापडावर १०,००० मिलिमीटर असा आकडा असला, तर दहा मीटर उंच पाण्याच्या स्तंभाचा दाब ते सोसते असा त्याचा अर्थ. पण ओल्या बाकावर बसणाऱ्याचा किंवा गुडघे टेकणाऱ्याचा भार नेमका त्याच जागांवर पडतो, आणि उघड्या शिवणीला हा आकडा लागू नसतो. दुकानातच खुर्चीत बसून आणि गुडघे पूर्ण वाकवून पाहावे. पाठीशी फट पडली किंवा मांडीवर कापड ताणले गेले, तर माप चुकले. आत पातळ लोकरी तुमान घालून वर थोडी मोकळीक उरावी. पायांच्या टोकाशी आतून लवचिक झालर असेल, तर ती बुटावर ओढता येते व बर्फ वर चढत नाही. चढून जाणाऱ्याने अस्तर नसलेली घ्यावी, कारण त्याला घाम येणार. पाळण्यात बसून जाणाऱ्याला आतून कृत्रिम कापसाची भरलेली बरी. पिसे भरलेली विजार कोरड्या थंडीत उत्तम खरी, पण पिसे भिजली की गोळा होतात.

प्रवासी निवड करू शकतो. सैनिकाला मिळेल ते घालावे लागते. बेळगावच्या मराठा लाइट इन्फंट्रीच्या केंद्रात सौम्य हवेत तयार झालेला जवान लडाखच्या उंचीवर जाऊन उभा राहतो, त्याच्या विजारीचे कापड, माप आणि शिवण ही दुसऱ्याच कोणाच्या तरी टेबलावर ठरत असतात. १९८४ साली सियाचीनवर चौकी बसल्यापासून हा खर्च आणि ही चिंता कायमची झाली. फेब्रुवारी २०२० मध्ये महालेखापरीक्षकांचा जो अहवाल संसदेत मांडला गेला, त्यात उंचावरील सैन्याच्या खास कपड्यांच्या खरेदीतील विलंब आणि बर्फातील चष्म्यांचा व बुटांचा तुटवडा नोंदलेला होता. त्याच वर्षी जूनमध्ये गलवान खोऱ्यात चकमक झाली, हजारो जवान हिवाळ्यासाठी लडाखमध्ये ठेवावे लागले, आणि त्यांच्यासाठी थंडीचे कपडे अमेरिकेकडून तातडीने आणविण्यात आले.