आप्पा, 'अंकुर' आणि निहलानींचा कॅमेरा

मंडळी, १९७४ सालची गोष्ट. बी.कॉम. होऊन मी नुकताच बँकेत चिकटलो होतो. श्याम बेनेगल आपल्या सिकंदराबादचे, आणि 'अंकुर'चं शूटिंग येल्लारेड्डीगुड्यात झालेलं, एवढ्याच कौतुकापोटी आप्पांना घेऊन काचीगुड्याहून सिनेमाला गेलो. (तेव्हा तिथं शेतं होती. आता सांगितलं तर नातवंडं हसतात.)

शेवटी जमीनदाराचा पोरगा त्या मुक्याबहिऱ्या किष्टय्याला चाबकानं मारतो. एक लहान मुलगा खिडकीवर दगड भिरकावतो आणि पडदा लालभडक होतो. सगळं थिएटर चिडीचूप. माझे आजोबा निजामाच्या अमलात तेलंगणातल्या एका गावचे पटवारी होते. घरी येईपर्यंत आप्पा बोलले नाहीत. मग एवढंच म्हणाले, "ती पडवी, दुपारचा घरातला तो अंधार, मला सगळं ठाऊक आहे रे. किष्टय्याही. आपल्याकडे यादय्या होता." पुढे विचारायची माझी छाती झाली नाही.

तो अंधार पडद्यावर आणणारा माणूस कोण? खाली सही कुणाची हे बघायची आम्हा बँकवाल्यांना सवयच. नाव निघालं, गोविंद निहलानी. १९४० मध्ये कराचीत जन्मलेले सिंधी, फाळणीत घर सुटलेलं. बंगळूरच्या पॉलिटेक्निकात कॅमेरा शिकले आणि गुरुदत्तच्या सिनेमांचे कॅमेरामन व्ही. के. मूर्ती यांच्या हाताखाली उमेदवारी केली. स्टुडिओतल्या झगझगाटात तयार झालेल्या गुरूचा हा चेला खेड्यातल्या खऱ्या घरांत कॅमेरा घेऊन शिरला.

आपल्या मराठी माणसांना एक गोष्ट फारशी ठाऊक नसते. 'अंकुर'च्या आधी, १९७१ मध्ये, तेंडुलकरांच्या 'शांतता! कोर्ट चालू आहे'चं छायाचित्रण यांचंच. पुढे बेनेगलांबरोबर 'निशांत', 'मंथन', 'भूमिका', 'कोंडुरा', 'जुनून', 'कलयुग'. 'निशांत' पुन्हा आपल्याच भागातला, पोचमपल्लीचा. 'मंथन'चा हिशेब मला फार आवडतो: गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये दिले, म्हणजे दहा लाखांचं भांडवल! 'भूमिका' हंसा वाडकरांच्या आयुष्यावर. त्यात गतकाळ कृष्णधवल आणि चालू काळ रंगीत. 'कोंडुरा' म्हणजे खानोलकरांची कोकणातली कादंबरी, पण सिनेमा आंध्रात नेलेला आणि तेलुगूतही काढलेला. 'जुनून'मध्ये थेट १८५७. त्यासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. अॅटनबरोंच्या 'गांधी'त दुसऱ्या युनिटची जबाबदारीही यांच्याकडे होती.

१९८० पासून स्वतः दिग्दर्शक झाले, पण कॅमेरा सोडला नाही. 'आक्रोश' आणि 'अर्धसत्य' लिहिले तेंडुलकरांनी. 'अर्धसत्य'ची मूळ कथा पानवलकरांची, 'पार्टी' एलकुंचवारांच्या नाटकावर. इतक्या मराठी लेखकांना या सिंधी माणसानं पडद्यावर आणलं, आणि आपण तेंडुलकरांचं नाव घेऊन थांबतो. दिग्दर्शक म्हणून ते कधी कधी फार बोलतात असं माझं मत आहे. कॅमेरामन निहलानी मला जास्त भावतात.

१९८८ मध्ये दूरदर्शनवर त्यांची 'तमस' लागली. फाळणीच्या दंगलींची गोष्ट. विशेष म्हणजे छायाचित्रणाला त्यांच्या जोडीला खुद्द गुरू व्ही. के. मूर्ती. आप्पा तोवर थकले होते, पण एकही भाग चुकवला नाही. एका रात्री टीव्ही बंद केल्यावर ते आपणहून बोलू लागले. यादय्यानं खळ्यावरचं पायलीभर धान्य नेलं म्हणून आजोबांनी त्याला चिंचेला बांधून मारलं होतं. बायको पाया पडत होती. आप्पा तेव्हा दहा वर्षांचे, पडवीत उभे राहून बघत होते. चौदा वर्षांपूर्वी 'अंकुर' बघून आल्यावर त्यांनी जे गिळलं होतं, ते हे.

कुणाकडे 'कोंडुरा'ची बरी प्रत असेल तर जरूर कळवा. तेवढा एक माझा पाहायचा राहिलाय.