२३ नोव्हेंबर : खेड्यातून निघालेला ‘दीनमित्र’

१९१० साली आजच्या दिवशी मुकुंदराव पाटील यांनी नगर जिल्ह्यातील सोमठाण्याहून ‘दीनमित्र’ साप्ताहिक सुरू केले. पत्र काढायचे तर पुणे-मुंबई गाठायची, हा रिवाज मोडून त्यांनी नेवासे तालुक्यातल्या तरवडीत बस्तान बसवले. सत्यशोधकी बाणा जन्मदात्याकडूनच आलेला, कारण ‘दीनबंधू’कार कृष्णराव भालेकरांचे हे पुत्र गणपतराव पाटलांकडे दत्तक गेले होते. सावकारी, भिक्षुकी, कुलकर्ण्यांचे दप्तर हे त्यांच्या लेखणीचे नेहमीचे गिऱ्हाईक. ‘कुलकर्णी लीलामृत’ तर त्यांनी चक्क पोथीच्या थाटात, ओवीबद्ध लिहिले! धंदा म्हणून हे पत्र चालवणे आतबट्ट्याचेच होते. तरीही १९६७पर्यंत, म्हणजे मुकुंदरावांच्या अखेरीपर्यंत, ते निघत राहिले.